कुट्टी मशीनचं झाकण

सोम., ३ नोव्हें.
शेंद्र्याच्या कारखान्यात नोकरीला लागून वर्ष झालं, तरी घरमालकीण काकूंना वाटतं मी फ्लेक्स बनवते. आज नातवाचा फोटो पाठवला. "वाढदिवस हाय, मागं वाघ टाक." काकू, मी कडबा कुट्टीच्या मशीनचं डिझाइन करते. "हां, तेच ते."
साहेबांचंही तेच. मशीन कशी चालावी हे विचारत नाहीत, रंग विचारतात. "लाल कर. डीलरला लाल लागतो."

बुध., ५
पात्यावरच्या झाकणावरून पुन्हा वाजलं. चारा ढकलताना हात आत जाऊ नये म्हणून ते असतं. साहेब म्हणे गिऱ्हाईक घरी नेऊन काढूनच टाकतं, मग द्यायचं कशाला? म्हटलं, का काढतात ते बघून येते. "तू डिझायनर आहेस की सेल्समन?"
डोकं फिरलं.

शनि., ८
सुट्टी टाकून गंगापूर. जीपमध्ये कंबर मोडली. ज्या घरी जावं तिथं झाकण काढलेलं, एकीकडं त्यात कोंबडी खुडूक बसवलेली. एक ताई वैतागून म्हणाली, "ओला घास टाकला की अडकतंय बया. दर बारीला नट खोलत बसू का?" तिची दोन बोटं अर्धीच. पण ती घासाचंच सांगत राहिली.
आणि आम्ही कंपनीत चाचणी घेतो वाळल्या कडब्यावर. का? तर ओल्या घासानं फरशी खराब होते. धन्य आहे. मीही त्यातलीच.

बुध., १२
नवं झाकण तयार. बिजागरीवरचं, नटाची भानगड नाही. उघडलं की मोटर बंद. ओला घास घातला, अडकला नाही. फरशी हिरवी, शिपाईकाका दिवसभर बडबडले.
साहेब : "मस्त. पुढच्या मॉडेलला बघू." आणि हा लॉट? "बिनझाकणाचा जाऊ दे. स्वस्त पडतो." ड्रॉइंगवर सही करणार नाही म्हटलं. त्यांनी ती मागितलीच नाही. माल गेला.

रवि., २३
सकाळी पैठणहून मामाचा व्हिडिओ कॉल. जय भीम झाल्या झाल्या फोन फिरवला. अंगणात मशीन. लालभडक, पातं उघडं. मामी हार घालत होती.
"आपल्या पोरीनं बनवलेली म्हणून हीच घेतली. शेजाऱ्यालाबी हीच घ्यायला लावली."
मामा, चालू करू नको, मी झाकण घेऊन येते.
हसला. "तूच बनवली ना? मंग कशाला भेती?" मामीनं घासाची पेंढी उचलली. कॉल कट.
स्टँडवर बसलेय, पैठणची गाडी अजून लागली नाही. सारखा फोन लावतेय. उचलत नाहीत. मशीनच्या आवाजात ऐकू जात नसेल.