पडलेल्या उमेदवाराचा फ्लेक्स एका संध्याकाळपुरता परत मिळणेबाबत

प्रति,
मा. श्री. वेदांत राजोपाध्ये साहेब,
वसाहत व्यवस्थापक,
कर्मचारी वसाहत, दुखान, कतार.

विषय : जप्त फ्लेक्स येत्या शुक्रवारी संध्याकाळी गेटवर लावू देणेबाबत.
संदर्भ : आपली इंग्रजी नोटीस, तसेच आपण व्हरांड्यात मराठीत जे बोललात ते.

महोदय,

मी, क्रेन ऑपरेटर जालिंदर ढेंबरे, सविनय अर्ज करतो. अर्ज मुद्दाम मराठीत आहे. फ्लेक्सवर आपलाही फोटो असल्याने ऑफिसात इतर कोणाला हे वाचता येऊ नये, एवढाच हेतू.

१) माझी थोरली बहीण ममताअक्का नर्स म्हणून कॅनडात गेली. तिथे आधी शाळा मंडळावर आणि मग कॉन्झर्व्हेटिव्ह पक्षाकडून प्रांताच्या विधानसभेवर निवडून आली. सरकारने उधळपट्टी करू नये, कर वाढवू नये, असा तो पक्ष. अक्काला हे कोणी शिकवावे लागले नाही. लहानपणी आम्ही दिवा चालू ठेवून खोलीबाहेर पडलो की ती पाठीत धपाटा घालायची. आमदार झाल्यावरही पाहुण्यांचा चहा घरून थर्मासमध्ये न्यायची.

२) यंदा ती पुन्हा उभी होती. तिकडची रात्रीची मतमोजणी म्हणजे इकडची सकाळ. नाश्त्याला अक्का आघाडीवर होती, म्हणून फ्लेक्स चढवला. तो आधीच छापून आणला होता. आपल्याकडे निकालाची वाट बघत कोण बसतो? पक्षाचा रंग निळा म्हणून फ्लेक्स निळा. 'प्रचंड मतांनी विजयी' या ओळीखाली शुभेच्छुक अख्खे वर्कशॉप, मेसच्या केरळी आचाऱ्यासकट. सर्वांत वर मार्गदर्शक म्हणून आपण, सुरक्षा सप्ताहातले हेल्मेट घालून. आपल्याला विचारायचे राहिले, हे चुकलेच. पण साहेब, मार्गदर्शकाशिवाय फ्लेक्स बोडका दिसतो हो! जेवणाच्या सुट्टीपर्यंत अक्का पडली. खलास.

३) वसाहतीत राजकीय प्रचाराला बंदी आहे, असे नोटीस म्हणते. मान्य. परंतु पडलेल्या उमेदवाराचा फ्लेक्स ही राजकीय वस्तू नसून घरगुती वस्तू आहे, याचा सहानुभूतीने विचार व्हावा. त्याने आता कोणाचे एक मतही फिरणार नाही.

४) खरी अडचण पुढे आहे. त्या दिवशी अक्काला फोन केला तर ती रडत होती. मी फ्लेक्सचा फोटो पाठवला आणि ती रडता रडता हसायला लागली. पुण्याला जाताना दोह्यात उतरून फ्लेक्स बघायला येते, तोवर काढू नकोस, असे तिने बजावले. तोपर्यंत सिक्युरिटीने तो उतरवलाही होता. हे मी तिला अजून सांगितलेले नाही.

५) तिकडे निकालानंतर उमेदवाराने लोकांच्या अंगणात रोवलेल्या आपल्या पाट्या काढून न्यायच्या असतात. अक्काने थंडीत दारोदार फिरून स्वतःच्या नावाच्या पाट्या स्वतः उपटल्या. आता तिच्या नावाचा एकच बोर्ड उरला आहे, आणि तो आपल्या स्टोअरमध्ये भिंतीकडे तोंड करून उभा आहे.

अक्का येत्या शुक्रवारी येते आहे, तरी एका संध्याकाळपुरता तो द्यावा. त्या 'विजयी'च्या अख्ख्या ओळीवर पांढरी पट्टी लावून 'आमच्या अक्काचे स्वागत' असे लिहीन. आपला फोटोही झाकला असता, पण अक्काने आधीच विचारले आहे की हेल्मेटवाले गृहस्थ कोण. ते आमचे साहेब, त्यांनीच परवानगी दिली, असे मी सांगून बसलो आहे. साहेब, माझी नव्हे, आता आपलीच लाज राखा.

आपल्या मार्गदर्शनाखाली फ्लेक्सवर आधीच छापला गेलेला,
जालिंदर ढेंबरे
दुखान, सोमवार

सोबत : १. फ्लेक्सचा फोटो.
२. पांढऱ्या पट्टीचे नवे रीळ.
३. बेसनाचे लाडू (लाच नव्हे, अक्काच्या स्वागताचे आहेत, आपण शुक्रवारी येणार म्हणून आधी दिले).