फळ्यांमधली खिडकी

बाबा,

पुन्हा दोन ठोके पडले आणि आईनं पुन्हा वर पाहिलं.

वर तुम्ही नाही. श्रावण मिस्त्री आहे. तुमच्या माडीच्या फळ्यांवर तो टाइल्स बसवतो आहे. टाइल ठेवली की रबरी हातोडीनं दोनदा ठोकतो, मग पुढची घेतो. सकाळपासून हेच चाललंय. आईला ते ठाऊक आहे. तरी ठोके पडले की तिची मान वर जाते. मग ती खाली बघून तांदूळ निवडायला लागते.

म्हणून लिहायला बसले. स्वयंपाकघरात आम्ही दोघीच आहोत. तिच्याशी काय बोलावं ते सुचत नाही. तुमच्याशी तर आता असंच बोलता येतं.

माझी बदली झाली, बाबा. साकोलीहून इथं, पवनीच्याच शाळेत. माडीवर मी राहणार आहे. तुमची खाट खाली आणली. तुमचा रेडिओ कपाटात ठेवला. फळ्यांच्या फटी इतक्या वाढल्यात की माझ्या टेबलाचा पाय आत गेला. अर्ध्या फळ्या सागाच्या, अर्ध्या ऐनाच्या. साग संपला तेव्हा तुम्ही म्हणाला होतात, लाकूड ते लाकूड, काय फरक पडते? फरक पडला. एक फळी वर आलीय, शेजारची खाली गेलीय. नीट का नाही बसवल्या?

मिस्त्री पहिल्या दिवशी नुसताच खोलीभर फिरला. एका फळीवर उभा राहून त्यानं उड्या मारल्या.

"ताई, हे जमीन नाई, झुला हाये."

"मग टाइल्स नाही बसणार?"

"बसते ना. काहून नाई बसत? पन लाकूड पान्यात फुगते, उनात आटते. टाइल ना फुगत, ना आटत. या दोघाईले नांदवाचं म्हनलं तं मधात कोनीतरी लागते."

तेवढ्यात खालून आईचा आवाज आला, "आमच्या मधात कोनी नव्हतं बा. तरी नांदलो."

कित्येक दिवसांत ती एवढं बोलली नव्हती. मिस्त्री हसला. मला हसायचं होतं.

हलणाऱ्या फळ्या त्यानं स्क्रूनं आवळल्या. त्यांच्यावर सिमेंटचे पातळ बोर्ड टाकले, बोर्डांवर जाळी, आणि आता टाइल्स. भिंतीच्या कडेनं बोटभर जागा मोकळी सोडली आहे. फळी एकही काढलेली नाही. सगळ्या खाली आहेत.

आईनं किती वर्षं सांगितलं होतं हे करा म्हणून! आठवतं? तुम्ही वर चाललात की फटींतून खाली माती पडायची. तुम्ही कुठं आहात हे तिला भांड्यांवरून कळायचं. माठावर पडली म्हणजे खाटेवरून उठले. शेगडीवर पडली म्हणजे रेडिओपाशी गेले. आणि तुम्ही वर झाडू मारलात की तिचा आवाज चढायचा.

"झाडता कायले? सारा केर माह्या भातात! खालते मी हावो, नदी नाई!"

"भाताले चव येते," तुम्ही वरून म्हणायचात. "पुढल्या वर्षी करू जमीन पक्की."

पुढलं वर्ष कुठलं, ते तुम्ही कधी सांगितलं नाही.

तुम्ही गेल्यापासून माती पडत नाही. आई मात्र अजून भातावर परात पालथी घालते. परवा वर स्क्रू मारताना पुन्हा माती पडली. तिनं परात उचलून मला दाखवली. "पाय, पडली का नाई?" तिच्या आवाजात काय होतं? मला ओळखता आलं नाही.

आता खिडकीचं सांगते. फळ्यांमधली ती चौकोनी मोकळी जागा. जमिनीत असून आपण तिला खिडकीच म्हणत आलो. शेत होतं तोवर माडीवर धान असायचं आणि पोती तिथून खाली स्वयंपाकघरात उतरायची. शेत विकलं. मग त्या खिडकीतून फक्त चहा वर जायचा.

आईला गुडघ्यांमुळे अंगणातला जिना चढवत नव्हता आणि तुम्हाला तो उतरायचा कंटाळा. दोरीची टोपली खाली सोडलेली असायची. आई तिच्यात कप ठेवायची आणि काठीनं फळीला एक ठोका द्यायची. तुम्ही टोपली ओढून घ्यायचात, कप उचलायचात आणि वरून दोन ठोके. एसटीत कंडक्टर म्हणून जन्म गेला तुमचा. एक घंटा थांबायची, दोन निघायच्या. घरातही तोच कारभार.

"खालते येऊन प्याल तं पाय झिजतीन का?"

"जिंदगीभर उभ्यानं फिरलो. आता बसू दे."

आणि बसायचात कुठं? खिडकीच्या काठावर, दोन्ही पाय खाली स्वयंपाकघरात सोडून. आईच्या डोक्यावर तुमचे पाय हलत असायचे.

"पाय वरते घ्या हो! भातात धूळ पडते!"

तुम्ही घेत नव्हतात. अजून हलवायचात.

त्या सकाळी तिनं टोपलीत कप ठेवला आणि एक ठोका दिला. टोपली वर गेली नाही. झोपले असतील, ती म्हणाली. चहा गार झाला. तिनं तो परत तापवला, परत ठेवला, परत एक ठोका दिला. मग शेजारच्या काकांना हाक मारली. ती स्वतः वर गेली नाही. तेव्हाही नाही, नंतरही नाही. तुम्हाला खाली आणलं तेव्हा ती जिन्यापाशी उभी होती. पुण्यानुमोदनाचा विधीही अंगणातच झाला.

दोन ठोके द्यायला किती वेळ लागतो, बाबा?

मला निरोप आला तेव्हा मी वर्गात होते. फळा पुसला आणि निघाले. रडू आलं नाही. अजूनही आलेलं नाही. मी दुकानात टाइल्सचा रंग निवडला, टेम्पोवाल्याला रस्ता सांगितला. लोक म्हणतात, पोरगी खंबीर आहे. मी खंबीर नाही. मला काही जाणवतच नाही, एवढंच.

आईचं तसं नाही. ती पाट ओढून त्या खिडकीखालीच बसते. भाजी तिथं चिरते, तांदूळ तिथं निवडते, जेवते तिथं. टोपली खिळ्याला टांगलेली आहे. दोरी तिनं गुंडाळून ठेवली आहे. मधेच मान वर जाते. हे रोज बघून मी ठरवलं की खिडकी बंद करायची. वरून फळी, बोर्ड, टाइल. पण ठरवलं आणि तिला विचारायला गेले, तर ती म्हणाली, "तुह्या मनानं कर. माडी तुही हाये आता."

याचा अर्थ हो का नाही? तुम्हाला कळला असता.

मिस्त्रीला म्हटलं, तेवढी जागा शेवटी कर.

"शेवटी म्हंजे कवा, ताई?"

"शेवटी."

इथं मला उठावं लागलं. आता संध्याकाळ झाली आहे. मधे जे झालं ते सांगते. तुम्ही असतात तर महिनाभर सांगत फिरला असतात.

मिस्त्रीच्या हाताखालचा माणूस मोहफुलं वेचायला गेलेला. हा एकटाच. टाइल्स त्यानं दारापासून लावायला घेतल्या. आल्यागेल्याची नजर पहिली दारात पडते, अख्ख्या टाइल्स तिथं पाहिजेत, तुकडे कोपऱ्यात, असं त्याचं म्हणणं. लावत लावत मागं सरकत गेला आणि खिडकीजवळ आला तसा आईशी गप्पा मारायला लागला. कुणाच्या मुलीचं कुठं जमलं, कुणाचा बैल कुणाच्या वावरात शिरला. गप्पा रंगल्या. मग एकाएकी वर सगळं शांत झालं.

"काकू."

"काय?"

"दार तिकडंच राहिलं ना."

"म्हंजे?"

"म्हंजे मी इकडं हावो, दार तिकडं हाये. मधात साऱ्या ओल्या टाइल्स."

आईनं सूप खाली ठेवलं. "अवो बाप्पा! भिंतीतल्या खिडकीतून ये मंग!"

"गज हायेत तिले."

"काय मिस्त्री हाये! ज्याचं काम त्यालेच कोंडते!"

"हासू नोका, काकू. शिडी आना. या बोगद्यातून उतरतो. पोतं उतरत होतं तं मी बी उतरन."

मी शेजारी शिडी आणायला गेले. शिडी घेऊन परत आले आणि दारातच थांबले.

मिस्त्री खिडकीच्या काठावर बसला होता. त्याचे दोन्ही पाय खाली स्वयंपाकघरात लोंबत होते. सिमेंटनं पांढरे झालेले, टाचा भेगाळलेल्या. बसल्या बसल्या तो ते हलवत होता. आई शेगडीकडे तोंड करून उभी होती. भाताचं पातेलं उतरवायला ती वळली. वर पाहिलं न पाहिलं आणि म्हणाली,

"पाय वरते घ्या हो. भातात धूळ पडते."

तोच आवाज, बाबा. तीच थोडी चीड.

मिस्त्री गोंधळला. "वरते कसे घेऊ, काकू? वरते ओलं हाये."

आईच्या हातात पातेलं होतं. ती त्या पायांकडे बघत राहिली. वाफ तिच्या तोंडावर येत होती. मग तिनं पातेलं खाली ठेवलं, त्याच्यावर परात घातली आणि माझ्या हातातली शिडी घेतली.

"उतर," ती मिस्त्रीला म्हणाली. "शिडी धरली हाये मी."

तो उतरला. खांदे तिरपे करून, शर्ट खरवडत. आईनं शिडी दोन्ही हातांनी घट्ट धरली होती. तो खाली आला तरी सोडली नाही. त्यालाच म्हणावं लागलं, "झालं, काकू. आलो."

तिनं त्याला चहा दिला. तो उंबऱ्यावर बसून प्यायला. कप परत घेताना ती म्हणाली, "उद्या ते बंद करून टाक."

तो माझ्याकडे बघायला लागला. "ताईले..."

"ताईले काय इचारतं? भात माह्या शेगडीवर शिजते."

तो गेल्यावर मी विचारलं, "आई, नक्की? झाकण करून ठेवता येईल. उघडझाप करता येईल."

ती खिडकीखालचा पाट उचलून भिंतीला टेकवत होती.

"कायले? कोनाचेबी पाय लटकतीन तिथून."

एवढंच म्हणाली. मग आम्ही जेवलो. भातात धूळ नव्हती.

मी आता खिडकीखाली बसून हे लिहिते आहे. वर अंधार आहे. ओल्या सिमेंटचा वास खाली येतो आहे. तुमच्या बिडीचा वास यायचा तिथून. इतके दिवस तो मला येतोय असं वाटायचं. आज येत नाही. मी दोनदा श्वास घेऊन पाहिला.

टाइल्स चांगल्या दिसतात, बाबा. फिकट राखी रंगाच्या. तुम्ही नावं ठेवली असतीत. दवाखाना वाटते म्हणाला असतात. आईचं काम एवढ्या वर्षांनी झालं आणि ते तुम्ही केलं नाहीत, एवढी तक्रार मी करणार. बाकी काही नाही.

टोपली मी खिळ्यावरून काढणार नाही. तिची तिला काढायची असेल तेव्हा ती काढेल. आणि एक शब्द देते. मी तिला काठीनं ठोका द्यायला लावणार नाही. माडीवर राहीन, पण चहाला रोज खाली येईन. जिना उतरून, तिच्यासमोर बसून पिईन. सुट्टीच्या दिवशीसुद्धा. कंटाळा आला तरी.

तुमची,
प्रज्ञा

ता. क. – सकाळी मिस्त्री आला. टाइल्स रात्रीत पक्क्या धरल्या होत्या. चालायला टाइल्सवर फळी टाकून तो खिडकीपर्यंत गेला आणि त्यानं ती बंद केली. शेवटची टाइल दोन ठोक्यांनी बसली. मी दारात उभी होते. थोड्या वेळानं मागं जिन्यावर पावलं वाजली. एक पायरी, थांबणं, एक पायरी. आई चहा घेऊन वर आली होती. एकच कप, त्यातला अर्धा जिन्यावर सांडलेला. तिनं चपला बाहेर काढल्या, टाइलवर पाय ठेवला आणि म्हणाली, "गार हाये." कप कुणाला द्यावा ते तिला कळेना. मी मिस्त्रीला दे म्हटलं. तो उभ्यानंच प्यायला.