इशाऱ्यावर थांबायची सेटिंग

माय, तू जाऊन इतकी वर्षं झाली, पण माझं काम तुला कधी नीट सांगितलंच नव्हतं. आज सकाळपासून खुर्चीत बसवत नाही. उठतो, माठातलं पाणी पितो, पुन्हा पडद्याकडे बघतो. मी प्रोग्राम लिहितो. कंपायलर तो मशीनला चालवता येईल असा करतो आणि तयार फाइल वेगळ्या फोल्डरमध्ये टाकतो; याला आम्ही बिल्ड म्हणतो. काही खटकलं तर इशारा देतो. एक जरी इशारा आला तरी काम तिथेच थांबावं, ही सेटिंग मीच लावलेली. हा प्रोग्राम धडगावकडच्या दवाखान्यांतल्या लसींच्या फ्रिजवर लक्ष ठेवणार आहे. तापमान आठच्या वर गेलं की नर्सचा फोन वाजायला हवा. कंपायलर म्हणतो, कुठेकुठे दशांश गळतोय. साडेआठचे आठ झाले तर फोन वाजणारच नाही. असे इशारे ढीगभर आहेत; त्यांतले कुठले खरे, ते निवडायला दोन दिवस लागतील. पुण्याचे साहेब म्हणतात, "उद्या बसवायचंय. सेटिंग काढ, बिल्ड होऊ दे. पुढचं पुढे बघू."

मला लहानपणची तू दिसतेस: मिरची वाळवायच्या पथारीवर बसलेली आहेस, पदर नाकावर बांधलेला, समोर लाल मिरचीचा ढीग. पोतं भरून शिवून झालंय, मजुरी पोत्यावर आहे, बायका घरी निघाल्यात. आणि तू सुतळी कापतेस. त्यांतली एक थांबून विचारते,

"जिजी, शिवेल पोतं कशाले उसवी ऱ्हायनी?"

"मिरची हातले वली लागनी."

"एखादी ऱ्हास. सुकी जाई."

"पोतामा नई सुकस."

"मिरचीपेक्षा तूच तिखी शे."

"मंग डोया पुस अन बस."

निघालेल्या बायका बडबडत परत बसल्या. तू पदर सारखा करून पोतं ओतलंस.

आज दुपारी मी सेटिंग काढली. बिल्ड झालं, फोल्डरमध्ये फाइल आली. पाठवली मात्र नाही. दारापर्यंत गेलो, परत आलो, फोल्डर रिकामा केला, सेटिंग पुन्हा लावली. आता एकेक इशारा उघडून बघतोय.

साहेबांना मात्र फ्रिजचं, दशांशाचं काही बोललो नाही. इथे नंदुरबारला सकाळपासून लाइट नाही, दोन दिवस लागतील, एवढंच सांगितलं. "तिकडे असंच असतं," म्हणाले, लगेच पटलं त्यांना. डोक्यावर पंखा फिरतोय, माय.