बाजू पाहणारा

१२ जानेवारी १९५६
पोचलो एकदाचा! मी, नागपूरच्या मिशन स्कूलचा पोरगा, चामोर्शीच्याही पुढे सागाच्या जंगलात. सर्व्हेची पहिली नोकरी. तंबू झकास, चहा धुरकट. काम सोपं: समोरच्या टेकडीवरचा लाल झेंडा दुर्बिणीत धरायचा आणि मधली झाडं तोडत सरळ लाईन न्यायची.

१३ जानेवारी
पाच मजूर तोडतात आणि सहावा, डोमा, नुसता उभा! म्हणे त्याचं कामच ते, डावी-उजवी बाजू पाहत राहायचं. मी त्याच्या हातात कुऱ्हाड दिली. मंग बाजूले कोन पाह्यल, त्याने विचारलं. म्हटलं, वाघ आला तर दिसेलच. मजुरांतला म्हातारा सुकलूभाऊ म्हणाला, वाघ का समोरून चिठ्ठी धाडून येते साहेब? सगळे खो-खो हसले, मी पण. डोमा नाही हसला. वाघाचं कोन म्हनते, एवढंच बोलला.

१५ जानेवारी
लाईन सुसाट! दिवसभर डोळा दुर्बिणीला. जेवताना कडेची वाटी दिसलीच नाही. थकलो असेन.

१८ जानेवारी
दुर्बीण काढली तरी मधला गोलच दिसतो. कडेला काळं. झाडावर आपटलो. सुकलूभाऊ म्हणे, काम ठेवा, डॉक्टरले दाखवा. नाही. झेंडा जवळ आलाय.
एक विचित्र. मजूर बोलतात माझ्याशी, बघतात माझ्या डाव्या खांद्याशेजारी. मी तिकडे वळलो की त्यांची नजर पण सरकते.

१९ जानेवारी
डोमाला म्हटलं, बाबा, तू परत बाजूच बघ. तो म्हणाला, आता पाहून का करू? आलाच ना थो. दुपारी सगळे पळाले. एकटा सुकलूभाऊ राहिला.

२० जानेवारी
गोल आता बांगडीएवढा. कानाशी श्वास— माझा नाही. झेंडा नको मला. डोळे हवेत. भाऊ म्हणाला, उद्या हात धरून सडकेवर नेतो.

२१ जानेवारी, सकाळ
भाऊ पाणी आणायला गेला. लगेच आला, न बोलता हात धरला, निघालो. बरंच चाललो. आता बसलोय. डावा हात त्याच्याच हातात. गार. किती गार—
गोलात फक्त लाईन. लांब, सरळ. टोकाला कोणीतरी पळत येतंय. पांढरे केस, हातात पाण्याचा तुंबा—
सुकलूभाऊ.
ओरडतोय— साहेब, थांबा म्हनलो ना, कोनासंगं चालले—
हात सोडत नाहीये—
बाजूला बघायचं नाही. नाही बघणार. पण मान— मान कोणीतरी वळव