डाव्या वळणावर

आई, बहरीनमधल्या जिदहफ्स गावातल्या आपल्या स्वयंपाकघरात गुरुवारी दुपारी फोडणीचा नाही, रॉकेलचा वास यायचा. ओट्यावर वर्तमानपत्र पसरून तू स्केट्सची चाकं उघडतेस, आतली वाळू धुऊन काढतेस, मग एकेक चाक डाव्या कानाशी धरून फिरवतेस. "कुरकुरलं की खलास," म्हणतेस. आतल्या खोलीत बाबा माझ्याकडून संस्कृत धातू घोटून घेतायत. 'पत्' म्हणजे पडणे, हे मात्र मी तुझ्याकडूनच शिकले.

लग्नाआधी तू गावोगाव फिरणाऱ्या, सर्कशीसारख्या खेळात स्केटिंग करायचीस. बहरीनला आलीस अकाउंटंटची बायको म्हणून, आणि बघता बघता नर्सबायकांच्या रोलर डर्बी संघात शिरलीस. गोल ट्रॅकवर दोन संघ. एकीनं गर्दीतून पुढे निसटायचं, बाकीच्यांनी खांद्यांनी अडवायचं. तू निसटणारी. पोपटी मोजे, हेल्मेटवर मोर, आणि खऱ्या नथीला बंदी म्हणून लिपस्टिकनं गालापर्यंत रंगवलेली नथ. बाबांचं म्हणणं, "ऑफिसात मला आता नथवालीचा नवरा म्हणतात. बढतीच म्हणायची."

मग त्या हिवाळ्यात तू डोक्यावर पडलीस, आणि पुढच्या गुरुवारी चाक उजव्या कानाशी धरलंस.

"आई, डावा कान?"

"पाणी गेलंय. इंशाल्ला निघेल."

"डॉक्टरला दाखव ना."

"तू पंडितीणबाई हो, वैद्यबुवा नको होऊस. आणि बाबांना सांगशील तर बघ."

मी सांगितलंच. बाबांनी स्केट्स कपाटावर टाकले. तू स्टूल आणलंस.

मला भीती होती ती एकाच गोष्टीची. मागून वेगात येणारी सोबतीण कुठल्या बाजूनं येतेय ते ओरडून सांगते आणि पुढचीनं जागा द्यायची, हा तुमचा शिरस्ता. तुमचा सगळा खेळ कानांवर.

शुक्रवारी मी नेहमीसारखी कठड्याशी, मांडीवर पुस्तक. ट्रॅकवर उतरताना तू म्हणालीस, "कधीतरी हात तरी हलव गं. सगळ्यांची पोरं हलवतात."

डाव्या वळणावर तुझ्या मागून तुमचीच ती उंच नर्स येते. "लेफ्ट, लेफ्ट," ती ओरडते. अख्ख्या हॉलला ऐकू जातं. तुझी मान वळत नाही. मी उभी राहते, हात वर करते. थांब. तू मला बघतेस. तुझा चेहरा उजळतो, नथ गालावर वर सरकते, आणि तू हात हलवतेस.

त्या धडकेनंतर तू उठली नाहीस.

मी आता तुझ्याहून वयानं मोठी आहे, त्यामुळे थोडं रागवायचा हक्क आहे. पण हे पाठवणार कुठे, आणि पोचलं असतं तरी तू अर्ध्यात जांभई दिली असतीस. एक राहिलं. बाबा शेवटपर्यंत येणाऱ्याजाणाऱ्याला सांगायचे, त्या दिवशी आमच्या मुलीनं पहिल्यांदा आईला हात हलवला. मी कधी दुरुस्त केलं नाही.