तोंड इकडे कर, लोरेन्झ

नाउम्बुर्ग, ११ मे १९३०

चि. लोरेन्झ यास, अ. उ. आ.

काल आईला घेऊन तुझा नवा मूकपट पाहिला. सरदार म्हणून काय शोभतोस रे! बर्लिनने तुला डोक्यावर घेतलंय ते उगीच नाही. तू गुडघा टेकून नायिकेचा हात धरलास आणि थिएटरभर बायका रुमाल शोधायला लागल्या. मी मात्र हसू दाबता दाबता मेले. बटाट्याचे गोळे करपले, आज उपास, असं तू त्या बिचारीला रडत रडत सांगत होतास! बहिऱ्या बहिणीला ओठ वाचता येतात म्हणून असा चावटपणा करायचा? आईला सांगितलं, तर ती म्हणाली की मेल्याला लाज म्हणून नाही.

पण एक गोष्ट मनाला खाते आहे. लाइपझिगला मावशीकडे गेले होते तेव्हा बोलपट पाहिला. पडद्यावर मजकुराच्या पाट्या नाहीत आणि नट खुशाल पाठ फिरवून बोलतात. मला ओ की ठो कळलं नाही. लोक हसले की मागाहून हसत होते, वेड्यासारखी. आता आपल्या गावातले थिएटरवाले फान्श्टीलसाहेबसुद्धा आवाजाचे कर्णे बसवणार आहेत. तूही बोलायला लागलास की मला नुसता दिसशील, कळणार नाहीस. वर्षातून एकदा घरी येतोस, बाकीचा माझा भाऊ मला पडद्यावरच भेटतो रे.

थंडीचं जप. माया पातळ होऊ देऊ नकोस.
तुझी ताई, ओटिली

बर्लिन, २ जून १९३०

ती. ताईस, सा. न. वि. वि.

आवाजाच्या परीक्षेत कसाबसा पास झालो. बारा वर्षं डोळ्यांवर पोट भरलं आणि परवा तोंड उघडायची वेळ आली तर पहिलं वाक्य तीनदा म्हणावं लागलं. काचेच्या खोलीतला आवाजवाला, ब्रूनो, म्हणाला की सरदाराला हा आवाज चालणार नाही, पण टोप्या विकणाऱ्या दुकानदाराला झकास बसेल. दुकानदार तर दुकानदार!

खरी अडचण वेगळीच आहे. माइक फुलदाणीत लपवतात, म्हणून आम्ही सगळे फुलांकडे तोंड करून बोलतो. कॅमेऱ्याकडे वळलो की आवाज निसटतो आणि फुलांकडे वळलो की तू निसटतेस. दिग्दर्शक क्वान्टसाहेबांना विचारलं, तर ते म्हणाले की फार लाड करून घ्यायचे असतील तर दाराबाहेर वीस नट उभे आहेत. काय करू, सांग.

आईला नमस्कार. रागावलीस तरी लिहायचं सोडू नकोस.
तुझा लोरेन्झ

नाउम्बुर्ग, ६ जून १९३०

चि. लोरेन्झ यास, अ. उ. आ.

खुळा आहेस का? ते सांगतील तिकडे तोंड कर. माझ्यापायी पोटावर पाय आणलास तर घरात घेणार नाही. हे लिहिताना रडले, पण ते तू मनावर घ्यायचं नाही. दुकानदार चांगला कर.

ओटिली

बर्लिन, २० सप्टेंबर १९३०

ती. ताईस, सा. न. वि. वि.

तुझं ऐकलं नाही. पहिल्याच दिवशी कॅमेऱ्याकडे तोंड करून बोललो. क्वान्टसाहेब लालबुंद! म्हणाले की आवाज बिघडला तर त्याच दिवशी घरचा रस्ता. तेव्हा ब्रूनोने एक लांब काठी आणली, गळ टाकल्यासारखा माइक माझ्या डोक्यावर धरला आणि काम फत्ते झालं. आता सगळेच नट काठी मागतात. मात्र या खेपेला वाक्यं लिहून दिलेली आहेत, तेव्हा करपलेले गोळे बंद.

कसा वाटलो ते खरं खरं कळव. भीड ठेवू नकोस, लोभ ठेव.
तुझा लोरेन्झ

नाउम्बुर्ग, १८ जानेवारी १९३१

चि. लोरेन्झ यास, अ. उ. आ.

काल तुझा बोलपट पाहिला. शब्द न् शब्द कळला! लोकांच्या आधी हसले, अगदी ऐटीत. काय काम केलंयस, पोरा! सरदारात नुसतं रूप होतं, या टोपीवाल्यात जीव आहे.

शेवटी मुलीला निरोप देतोस तिथे कर्णे बंद पडले. मला आधी कळलंच नाही. मग पायाखालची फरशी हादरायला लागली, लोक पाय आपटत होते. चित्र मात्र चालूच होतं आणि तू बोलत होतास. बोलायला शाळेत शिकवलंय, पण घराबाहेर मी तोंड उघडत नाही, तुला ठाऊक आहे. माझा आवाज ऐकून माणसांचे चेहरे कसे होतात ते मी लहानपणापासून पाहत आले आहे. पण ऐन शेवटी तू मुका झालास हे मला सोसवेना. उठून उभी राहिले आणि तुझं बोलणं मोठ्याने बोलत गेले. सगळ्या माना माझ्याकडे वळल्या. फरशी शांत झाली. आईने माझा हात घट्ट धरला होता. शेवटचा शब्द होईपर्यंत मी बसले नाही.

दिवे लागले. फान्श्टीलसाहेब घाम पुसत पुढे आले आणि म्हणाले की कर्णे दुरुस्त झाले आहेत, शेवटचा भाग पुन्हा दाखवतो. मी लोकांच्या तोंडांकडे पाहिलं. सगळे एकच सांगत होते, की नको, आम्ही ऐकला.

तुझी ताई, ओटिली