बॅटरीची खोली

प्रिय फ्यूजराव,

रागावू नकोस, हे नाव बाबांनी ठेवलंय आणि घरात अजून तेच चालतं. फोनवर मी तुला ‘सगळं बरं आहे’ यापलीकडे काही सांगत नाही, कारण बाबा शेजारी पेपर वाचायचं सोंग करून बसलेले असतात आणि कान माझ्याकडे लावलेले असतात. म्हणून हे पत्र.

आधी बातमी. आपल्या आईस्क्रीमच्या कारखान्यात बॅटरी बसवायचं ठरतंय. हो, तीच, दोन कपाटांएवढी, जिच्यावरून तुमचं वाजलं आणि तू बॅग उचललीस. तू म्हणायचास, जनरेटर विका. बाबा म्हणायचे, उद्या बापालाही विकायला काढशील. खरं तर किंमत ऐकून त्यांना घाम फुटला होता, पण ते कबूल करण्यापेक्षा त्यांना ओरडणं सोपं गेलं. यंदाच्या उन्हाळ्यात वीज गेली, जनरेटरही रुसून बसला आणि व्हॅनिलाची अख्खी खेप पातळ झाली. बाबा ती बादल्यांतून गल्लीतल्या पोरांना वाटत सुटले. पोरांची चंगळ झाली, यांचा चेहरा बघवत नव्हता. पुढच्याच आठवड्यात ते स्वतः सरकारी अनुदानाचं पत्रक घेऊन आले. छोट्या कारखान्यांना बॅटरीची निम्मी किंमत सरकार देतंय. मला म्हणाले, यातलं तुझ्या भावाला विचार. लगेच म्हणाले, राहू दे. ते अनुदान मिळालं नाही, तर पुढचा उन्हाळा कारखाना काही काढत नाही, हे त्यांनाही कळतं आणि मलाही.

मग पाहणीला अधिकारी आले. मोठा भला माणूस, दोनदा मागून आईस्क्रीम खाल्लं. नियम असा की बॅटरीची खोली वेगळी हवी, तिला बाहेरून दार हवं आणि तिथे कुणी राहत नसावं. कारखान्याला लागून तशी एकच खोली आहे, तुझी. त्यांनी आत डोकावून पाहिलं, मान डोलावली आणि ‘खोली रिकामी’ असं लिहायला घेतलं. एवढ्यात बाबा मागून म्हणाले, “रिकामी कशी? माझा मुलगा राहतो तिथे.”

अधिकाऱ्यांनी विचारलं, कुठे आहे मुलगा? बाबा म्हणाले, कामावर गेलाय. आणि पलंगावरच्या धुतलेल्या चादरीकडे त्यांनी असं बोट दाखवलं, की त्या भल्या माणसाला पुढे काही विचारवलं नाही. ती चादर दर रविवारी बाबाच बदलतात. मला वाटायचं, धुळीसाठी असेल. माणूस राहत असेल तर इथे बॅटरी बसणार नाही, महिनाअखेरपर्यंत दुसरी जागा दाखवा, असं सांगून अधिकारी गेले.

दुसरी जागा बाबांनी शोधलीसुद्धा. स्वतःची खोली. तिची एक भिंत रस्त्याकडे आहे, ती फोडून दार काढायचं म्हणतात. आई गेल्यावर त्या खोलीतला तिचा आरसासुद्धा त्यांनी हलवू दिला नव्हता. आता म्हणतात, मी पॅकिंगच्या हॉलमध्ये खाट टाकीन. तिथे फ्रीझर दिवसरात्र घरघरतात, फरशी बर्फासारखी गार असते आणि यांचे गुडघे कसे आहेत ते तुला ठाऊक आहे. मी समजावलं, भांडले, चक्क रडले. तुझी खोली गेली तर तू येशील तेव्हा तुला कुठे झोपवायचं, एवढंच विचारतात.

सोमवारी गवंडी येणार आहे, म्हणून हे लिहितेय. माफी मागू नकोस, त्यांच्याकडूनही मागवू नकोस. तुम्हा दोघांनाही ते जमणारं नाही. फक्त सोमवारच्या आधी एक फोन कर, माझ्या नाही, त्यांच्या नंबरावर. सांग की बाबा, माझी खोली बॅटरीला द्या, मी आलो की तुमच्या खोलीत झोपेन. ते घोरतात, हे मात्र आत्ताच सांगून ठेवते.

तुझीच,
हट्टी बापाची हट्टी लेक,
ताई